बोलणे संपल्यानंतरचे दहा सेकंद

माहितीपटाची छायालेखक म्हणून पहिले स्वतंत्र काम मिळण्याआधी मी चार वर्षे कॅमेरा सहायक होते. लेन्स पुसणे, बॅटऱ्या चार्ज करणे, फोकस सांभाळणे आणि रात्री सगळे फुटेज दोन हार्ड डिस्कवर उतरवून तपासल्याशिवाय कार्ड पुसायचे नाही, ही शिस्त त्या काळात अंगवळणी पडली. ज्यांच्या हाताखाली मी शिकले त्यांनी स्वतःची उमेदवारी 16 मिमी फिल्मवर केली होती. 400 फुटांचे रीळ सेकंदाला 24 फ्रेमच्या वेगाने जेमतेम 11 मिनिटे चालते, त्यामुळे बटण दाबण्याआधी नीट पाहायला शिकावेच लागे, असे ते सांगत.

माझ्या पहिल्या माहितीपटात एका निवृत्त परिचारिकेची मुलाखत होती. खिडकीतून येणारा दिवसाचा उजेड साधारण 5600 केल्विनचा (केल्विन हे उजेडाच्या रंगछटेचे माप) आणि खोलीतला पिवळा दिवा 3200च्या आसपासचा, दोन्ही एकत्र आले की चेहऱ्याचा रंग बिघडतो, म्हणून मी दिवा मालवला, ट्रायपॉड त्यांच्या नजरेच्या उंचीवर आणला आणि चित्रीकरण सुरू केले. आपल्या डोळ्यांदेखत गेलेल्या पहिल्या रुग्णाबद्दल त्या बोलल्या आणि थांबल्या. उत्तर संपले असे समजून मी कॅमेरा बंद केला. त्याच क्षणी त्यांनी उजव्या हाताची तीन बोटे स्वतःच्याच डाव्या मनगटावर ठेवली आणि भिंतीवरच्या घड्याळाकडे पाहत नाडी मोजल्यासारख्या त्या कितीतरी वेळ बसून राहिल्या.

दिग्दर्शिकेने, ते पुन्हा करायला सांगू या का, असे हलक्या आवाजात विचारले. मी नको म्हटले, कारण त्या बाईंना आपण काय केले याची जाणीवही नव्हती, आणि सांगून करून घेतलेली ती कृती खोटी ठरली असती. माझे हे मत आजही बदललेले नाही. मात्र संकलनाच्या वेळी, बोलणे संपताच तुटलेला तो शॉट पडद्यावर पाहताना मला फार वाईट वाटले.

तेव्हापासून समोरचा माणूस बोलायचा थांबला की मी मनात दहा अंक मोजते आणि मगच कॅमेरा बंद करायचा की नाही ते ठरवते. उरलेल्या चित्रीकरणात अशा स्तब्धतेचे पुष्कळ फुटेज जमले. ते पाहून संकलकाने माझे नाव दुसऱ्या एका दिग्दर्शकाला सुचवले, आणि मला पुढचे काम मिळाले.