वाढ्याचा पीळ

होळी सरली की आमच्या धारूर भागातली गावं पुन्हा भरू लागतात. ऊसतोडीला गेलेले कोयते, म्हणजे तोडणाऱ्या नवरा-बायकोच्या जोड्या, उसाच्या फडावरून परततात आणि सहा महिने अंगावर काढलेली दुखणी ओपीडीच्या रांगेत येऊन उभी राहतात. त्या दिवशी पस्तिशीतला एक जण बायकोसोबत आला. बोलली तीच.

"मॅडम, ह्यांच्या हातानं मोळीच आवळंना. वाढ्याला पीळ दिला की सुटतोय. मुकादम म्हनतोय, उचल घिऊन अंग चोरतोय."

वाढं म्हणजे उसाचा हिरवा शेंडा, त्यालाच पीळ देऊन मोळी बांधतात. उचल म्हणजे मजूर नेणाऱ्या मुकादमाकडून आधीच घेतलेले पैसे. नवरा खाली मान घालून बसला होता. हळूच म्हणाला, "कुलूपबी उघडंना. किल्ली नुसती बोटात फिरती."

किल्ली म्हटल्याबरोबर मी त्याचा उजवा हात पालथा करून पाहिला. अंगठा आणि तर्जनी जवळ आणली की त्यांच्यामध्ये मांसाचा उंचवटा येतो. कष्टकऱ्याच्या हातावर तर तो हमखास दिसतो. इथं खळगा होता.

त्याचाच केसपेपर मी त्याच्या दोन्ही हातांत दिला, अंगठा आणि तर्जनीच्या कडेमध्ये घट्ट धरायला लावला आणि ओढला. डावा अंगठा सरळ राहून दाबत होता. उजव्याचं मात्र पेर टोकाशी वाकलं, तरी कागद निसटलाच. फ्रोमाँ नावाच्या फ्रेंच डॉक्टरांनी 1915 साली वर्णन केलेली ही खूण. पुस्तकात कितीदा वाचली होती, पण इतकी स्पष्ट समोर पहिल्यांदाच पाहत होते.

अंगठ्याला तळहाताकडे ओढून दाबून धरणारा स्नायू म्हणजे अ‍ॅडक्टर पॉलिसिस. तो तळहातात खोल, पंख्यासारखा पसरलेला असतो. एक मूळ तिरकं, मनगटाच्या हाडापासून निघणारं. दुसरं आडवं, मधल्या बोटाच्या तळहातातल्या हाडावरून येणारं. अंबाजोगाईला शिकताना या दोन मुळांच्या फटीतून तळहातात शिरणारी रेडियल धमनी शोधायला मला अख्खी दुपार लागली होती. अंगठ्याच्या बुडाशी दिसणारा गुबगुबीत उंचवटा बहुतांशी मीडियन नसेवर चालतो. हा स्नायू मात्र अल्नर नसेचा. ती नस लुळी पडली की अंगठ्याचं टोक वाकवणारा लांब स्नायू मदतीला धावतो, कारण त्याची नस मीडियन. म्हणून पेर वाकतं. तो माणूस अंग चोरत नव्हता, उलट दुसऱ्याच स्नायूवर सगळं ओझं टाकून मोळ्या बांधत होता. मुकादमाचे ते शब्द मला फार लागले.

मग कोपरामागं बोट नेलं. तिथून जाणारी तीच अल्नर नस दोरीसारखी जाड लागली आणि दाबताच तो कळवळला. सदरा काढायला लावला. पाठीवर, दंडावर फिकट चट्टे होते, सात-आठ. त्यांवर कापसाचा बोळा फिरवला तर डोळे मिटलेल्या त्याला काही कळेना.

"महारोग हाय का?" बायकोनंच विचारलं. तिच्या तोंडचं पाणी पळालं होतं.

मी स्टूल ओढून तिच्याजवळ बसले. कुष्ठरोग आहे, बरा होतो, गोळ्या फुकट मिळतात, बारा महिने चुकवायच्या नाहीत, हे तीनदा सांगितलं. लेकरांना आणि तिलाही तपासायला आणायला सांगितलं. हातातली ताकद दोन महिन्यांपासूनच कमी झाली होती, हे त्यातल्या त्यात बरं. सहा महिन्यांच्या आतली नस स्टेरॉइडनं सावरण्याची आशा असते. पहिला डोस त्यानं माझ्यासमोरच घेतला.

दसऱ्याच्या सुमारास तो पुन्हा आला. गोळ्यांनी कातडी काळवंडली होती, नवा चट्टा नव्हता. मी केसपेपर पुढं केला. खळगा पुरता भरला नव्हता, पेर अजून थोडं वाकत होतं, पण कागद ओढायला मला जोर लावावा लागला.

"औंदा मोळ्या म्या बांधीन, ह्यांनी निस्ता कोयता धरायचा," ती म्हणाली.

फडावर जायचं होतं, म्हणून उरलेल्या महिन्यांची पाकिटं आणि तिकडच्या आरोग्य केंद्रासाठी चिठ्ठी दिली. तिनं ती पदरात बांधली. गाठ मात्र त्यानं मारली, दोनदा आवळून.