अल्गॉलचं ग्रहण आणि ताईचा लिफाफा

अल्गॉल हा तारा दर काही दिवसांनी मंदावतो, पण मंदावताना दिसत नाही. पहिल्या रात्री गच्चीवर पाठ टेकून मी तीन तास त्याच्याकडे टक लावून पाहिलं आणि शेवटी ठरवलं, की वेळापत्रक चुकलंय. वेळापत्रक बरोबर होतं. त्या तीन तासांत ताऱ्याचं तेज निम्म्याहून खाली आलं होतं, पण घरातल्यांना मूल वाढताना कुठे दिसतं? ते महिन्यांनी आलेल्या पाहुण्याला दिसतं. अल्गॉलकडेही पाहुण्यासारखंच बघावं लागतं: जरा वेळाने यायचं, एकदा बघायचं, लिहायचं, निघून जायचं.

तारा सापडायला सोपा आहे. शर्मिष्ठा तारकासमूहावरून ययाती तारकासमूहात उतरलं की आधी मिर्फाक लागतो आणि त्याच्या एका बाजूला थोड्या अंतरावर हा. एरवी दुसऱ्या प्रतीचा, प्रत २.१. (प्रत म्हणजे तेजाचं माप; आकडा जितका मोठा तितका तारा मंद.) खरं तर तिथे दोन तारे एकमेकांभोवती फिरतात. एक तापलेला, निळसर पांढरा. दुसरा आकाराने मोठा पण थंड आणि मंद. दोघांमधलं अंतर जेमतेम ९० लाख किलोमीटर, म्हणजे बुध सूर्यापासून जितका लांब आहे त्याच्या सहाव्या हिश्शाएवढं. इतक्या लांबून घरगुती दुर्बिणीतही ते वेगळे दिसत नाहीत. पण दर २ दिवस २० तास ४९ मिनिटांनी मंद तारा तेजस्वी ताऱ्यासमोर येऊन त्याला झाकतो आणि प्रत ३.४ पर्यंत घसरते, प्रकाश एक तृतीयांशाच्या आसपास राहतो. सगळं ग्रहण दहाएक तासांचं, त्यातले मधले चार-पाच तास डोळ्यांना जाणवतील असे. अरबांनी त्याला राक्षसाचं डोकं म्हटलं, त्यावरूनच हे नाव आलं.

नोंदीची पद्धत सरळ आहे. अल्गॉलपेक्षा थोडा तेजस्वी एक तारा आणि थोडा मंद एक तारा निवडायचा, मधल्या फरकाचे मनाने दहा भाग करायचे आणि अल्गॉल कितव्या भागावर बसतो ते ठरवायचं. माझ्याकडे वर देवयानीतला अल्माक होता, प्रत २.१, मध्ये ययातीतलाच डेल्टा, प्रत ३.०, आणि तळाला त्रिकोणातला अल्फा, प्रत ३.४. अल्माक नारिंगी आहे, हा एक त्रास. लालसर ताऱ्याकडे जास्त वेळ पाहिलं की तो उगाच उजळ वाटायला लागतो, म्हणून नजर टाकायची आणि काढून घ्यायची.

दुसऱ्या प्रयत्नाला मी हुशारी केली. इतक्या लांब त्रिकोणापर्यंत मान कशाला वळवा, अल्गॉलच्या शेजारीच एक मंद तारा आहे की! त्याच्याशी तुलना करून पानभर आकडे लिहिले. नंतर कळलं, की तो शेजारी म्हणजे ऱ्हो, आणि तो स्वतःच रूपविकारी, म्हणजे तेज बदलणारा आहे, ३.३ ते ४.० च्या मध्ये हेलकावे खाणारा. वाकडी पट्टी घेऊन लांबी मोजायला बसले होते. पान फाडलं.

पण खरी अडचण वेगळीच होती. मला वेळ माहीत होती. साडेनऊला सर्वांत मंद होणार हे ठाऊक असल्यावर सव्वानऊला तो मंद दिसतोच. जॉन गुडरिकला ही सोय, किंवा गैरसोय, नव्हती. १७८२ च्या नोव्हेंबरात यॉर्कमध्ये त्याने अल्गॉलचा बदल टिपला तेव्हा तो १८ वर्षांचा होता, ऐकू न येणारा. पुढच्या वर्षी त्याने आवर्तनकाळ, म्हणजे दोन ग्रहणांमधला काळ, काढला आणि ताऱ्याभोवती फिरणारं काहीतरी मधे येत असावं, असं सुचवलं. त्याबद्दल रॉयल सोसायटीचं कोप्ली पदक मिळालं, आणि २१ व्या वर्षी तो गेला. त्याच्या हातात कुणाचा तक्ता नव्हता.

म्हणून ताईला सांगितलं, "तू तक्ता बघ, मला फक्त रात्री सांग. वेळ सांगू नकोस." ताईने यादी केली, वेळा लिफाफ्यात बंद केल्या आणि म्हणाली, "चार रात्री देते. त्यातल्या काही रात्री काहीच होणार नाहीये. कुठल्या ते विचारू नकोस." ही अट माझी नव्हती, तिची. मला ती चेष्टा वाटली होती.

पहिली रात्र सुंदर गेली. दर वीस मिनिटांनी गच्चीवर, टॉर्चवर लाल कागद बांधलेला. सातला अल्गॉल अल्माकपेक्षा किंचित उणा. साडेआठला डेल्टाकडे झुकलेला. सव्वानऊला डेल्टा त्याच्या पुढे गेला आणि मला हसू आलं, कारण आकाशाचा तो कोपरा अचानक अनोळखी झाला होता. ययातीचा आकारच बिघडल्यासारखा. पावणेदहाच्या सुमारास तो आणि त्रिकोणातला अल्फा यांच्यात डावं-उजवं करता येईना. मग परतीचा प्रवास, साडेबारापर्यंत. एकूण १८ नोंदी.

दुसऱ्या दिवशी आलेख काढला. किमान तेजाची वेळ काढायला एक जुनी युक्ती आहे. उतरण आणि चढण सारखीच असते, म्हणून आलेख पातळ कागदावर उतरवायचा आणि दोन्ही बाजू एकमेकींवर बसतील अशी घडी घालायची. घडीची रेघ म्हणजे ग्रहणाचा मध्य. माझी रेघ ९ वाजून ५० मिनिटांवर आली.

दुसऱ्या रात्रीची घडी १० वाजून २० मिनिटांवर बसली. तिसऱ्या रात्री अर्धा वेळ ढग, आलेख सपाट. चौथी रात्र पहिलीनंतर बरोबर २० दिवसांनी. पहिल्या नोंदीवरून तिची वेळ काढता आली असती. कागदावर काढली नाही, पण डोक्यात हिशोब चालू होता हे कबूल करते. घडी ११ वाजून १५ मिनिटांवर.

लिफाफा उघडला. पहिली रात्र: ९.३८, माझी चूक १२ मिनिटांची. चौथी: ११.२०, चूक ५ मिनिटांची. मी खूश. तिसरी रात्र खोटी, ठीक. आणि दुसरीही खोटी.

त्या रात्री अल्गॉल पूर्णवेळ २.१ वरच होता. माझ्या कागदावर मात्र तो दहाच्या सुमारास २.३ पर्यंत उतरून परत चढला होता आणि घडीसुद्धा सुबक बसली होती. ताई काही बोलली नाही, नुसता तो कागद उजेडात धरून बघत राहिली. ०.२ प्रत म्हणजे फार नाही, अनुभवी डोळ्याचीही नोंद ०.१ ने चुकते. पण चूक दोन्हीकडे विखुरली असती तर गोष्ट वेगळी. ही चूक ग्रहणाच्या आकाराची होती.

एक हिशोब तरी पदरात पडला. पहिल्या आणि चौथ्या रात्रीत २० दिवस १ तास २५ मिनिटं, आणि त्यात सात फेऱ्या. भागाकार केला की २ दिवस २० तास ४६ मिनिटं. खऱ्यापेक्षा अडीच मिनिटं कमी, कारण दोन टोकांची चूक सात फेऱ्यांत वाटली जाते. आणखी महिनाभराने एक किमान मिळालं तर अजून कमी होईल.

ताईने पुढची यादी दिलीय, सहा रात्रींची. या वेळी किती खोट्या आहेत ते तर सोडाच, एकतरी खरी आहे का, हेही ती सांगत नाही.