क्लासिक पास जमायला मला आठ महिने लागले

पत्त्यांची जादू शाळेपासून आवडायची पण येत होत्या त्या सगळ्या मोजणीच्या ट्रिक, २१ पत्त्यांचे तीन ढीग वगैरे. मागच्या वर्षी ठरवलं, आता खरी हातचलाखी शिकायची, आणि डायरेक्ट क्लासिक पासला (कॅटचा वरचा आणि खालचा भाग कोणाला न कळता अदलाबदल करायची चाल) हात घातला.

समोरच्याने बघितलेला पत्ता कॅटच्या मधे ठेवायला लावायचा, त्यावर वरचा अर्धा भाग ठेवताना डाव्या करंगळीचं टोक मधे अडकवून ठेवायचं, मग उजव्या हाताची बोटं पुढून आडोसा करतात, उजवा हात खालचा भाग दोन्ही टोकांना धरून वर घेतो आणि त्याच क्षणी डावी बोटं वरचा भाग ओढून खाली नेतात. झालं, पत्ता सगळ्यात वर. लिहायला दोन ओळी, पण पहिला महिना नुसती करंगळी न दिसता अडकवण्यात गेला. त्यात घरातले प्लास्टिकचे पत्ते इतके निसटायचे की शेवटी बायसिकल ब्रँडचा कागदी कॅट मागवला, आणि खरंच फरक पडला.

मग मी स्पीडच्या मागे लागलो. रोज रात्री आरशासमोर दोनशे वेळा, मोबाईलवर शूट करून स्लो करून बघायचो, आणि दरवेळी हात झटकलेला दिसायचाच, वर पत्त्यांचा चर्र आवाज वेगळा. फार निराश झालो होतो. एर्डनेज या टोपणनावाने १९०२ साली शिकागोत छापलेल्या पुस्तकात सरळ लिहिलंय की हात स्थिर ठेवून काहीतरी केल्याचं अजिबात कळणार नाही असा शिफ्ट (पासलाच तो शिफ्ट म्हणतो) अजून कोणी शोधलेला नाही. ते वाचलं आणि डोक्यात प्रकाश पडला, प्रश्न वेगाचा नव्हताच, वेळेचा होता. बघणाऱ्याची नजर हातावर असताना करायचंच नाही. पत्ता आत गेला की हात खाली आणायचे, मान वर करून त्याला काहीतरी विचारायचं, तो उत्तर द्यायला चेहऱ्याकडे बघतो तेवढ्यात आरामात.

कोजागिरीला रमी संपल्यावर मावशीला विचारलं, "पत्ता नीट लक्षात आहे ना गं?" ती "हो रे, बदाम राणी" म्हणेपर्यंत पास झालेला होता, आणि वरचा पत्ता उलटल्यावर तिने माझा हातच धरून ठेवला. तो आनंद मला शब्दांत सांगता येत नाही.

अजूनही मागे कोणी उभं असेल तर पास करत नाही, मागून सगळं दिसतं. तिथे साधं ओव्हरहँड (एका हातातून दुसऱ्या हातात थोडे थोडे पत्ते सोडत) पिसतानाच पत्ता वर आणतो.