भावनेवर वाढणारे स्फटिक

रविवार, रात्र. मे संपत आलाय.

माझ्या कथेतले स्फटिक आज पहिल्यांदा मला खरे वाटले. परग्रहावरून आलेले आणि माणसाच्या भावनेवर वाढणारे स्फटिक, एवढी कल्पना हिवाळ्यापासून वहीत पडून होती. ते वाढतात म्हणजे नेमकं काय होतं, तिथे अडले होते. राग आला की लाल, आनंद झाला की पिवळा, असले दिवे मला लिहायचे नव्हते. दिवा विझला की मागे काही राहत नाही, आणि मला तर मागे राहणाऱ्याबद्दलच लिहायचं आहे.

सकाळी आईला घेऊन आगरवाड्याच्या मिठागरावर गेले. पुरुमेंताचं, म्हणजे पावसाळ्यासाठीच्या साठवणीचं, बाकी सगळं ती म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारातून आणते, पण मीठ मात्र तिला मिठागरावरचंच लागतं. तोर, म्हणजे कोवळे कच्चे आंबे, मिठात घालायचे असतात, त्याला पिशवीतलं पांढरंशुभ्र मीठ चालत नाही. ती भाव करत होती तोवर मी बांधावर बसून राहिले. भरतीचं पाणी मानशीतून, म्हणजे बांधातल्या झडपेच्या दारातून, आत घ्यायचं, एका वाफ्यातून दुसऱ्यात फिरवत आटवत न्यायचं. समुद्राच्या लिटरभर पाण्यात साधारण 35 ग्रॅम क्षार असतात. ते पाणी आटून दहाव्या हिश्शावर आलं की मीठ धरायला लागतं. तोवर नुसतं पाणी दिसतं, आणि मग पृष्ठभागावर चौकोनी कण तरंगायला लागतात. झपाट्याने आटलं तर एकाच वेळी असंख्य कण धरतात आणि मीठ बारीक पडतं. सावकाश आटलं तर मोजकेच कण धरतात आणि तेच मोठे होत जातात.

माझ्या स्फटिकांचा नियम इथे मिळाला. भडकलेल्या रागाने त्यांचा नुसता भुगा पडेल. मोठा, स्वच्छ पैलूंचा स्फटिक हवा असेल तर भावना वर्षानुवर्षं, फारशी न ढवळता, माणसात राहिलेली हवी. मेक्सिकोत नायका नावाच्या खाणीत 2000 साली खाणकामगारांना जिप्समचे स्फटिक सापडले, अकरा-बारा मीटर लांबीचे, माणूस त्यांच्यापुढे काडीएवढा दिसतो. जमिनीखालच्या गरम पाण्यात, जवळजवळ न बदलणाऱ्या तापमानात, ते लाखो वर्षं वाढत होते.

बाबांना जाऊन आता बराच काळ झाला. मी तेव्हा खूप रडले. दादा कामाला लागला, माणसांची ये-जा, कागदपत्रं, सगळं त्याने सांभाळलं. आई फारशी रडलीच नाही. पण वीजबिल अजून बाबांच्या नावाने येतं आणि ती ते नाव बदलू देत नाही. कार्यालयात जायला दादा तयार असतो, ती म्हणते, "ऱ्हांवदी रे." आमच्या तिघांच्या हातात कथेतला तो खडा दिला असता तर माझ्याजवळ बारीक चुरा पडला असता आणि आईजवळ कोपऱ्यात मावणार नाही असा स्फटिक उभा राहिला असता. दादाचं काय झालं असतं, ते मला आजही सांगता येत नाही.

मग भीती वाटली की ही कथा कोणाचं दुःख मोठं ते मोजायला लागेल. तसं मला नकोच आहे. तेव्हा निकोलस स्टेनो आठवला. 1669 मध्ये या डॅनिश माणसाने गारगोटीच्या स्फटिकांबद्दल लिहून ठेवलं की स्फटिक लहान असो वा मोठा, वेडावाकडा वाढलेला असो, त्याच्या जुळत्या पैलूंमधला कोन तोच राहतो. म्हणजे माझ्या चुऱ्यातला कण भिंगाखाली धरला तर त्यात आईच्या स्फटिकाचाच कोन दिसेल. कथेतल्या बाईला हे कळतं तो प्रसंग मला लिहायचा आहे. बाकी सगळी कथा त्याच्यासाठी.

स्फटिक येतात कुठून, हा प्रश्न मात्र सोपा निघाला, कारण तसं खरंच घडलेलं आहे. मार्च 1998 मध्ये टेक्सासमधल्या मॉनाहन्स गावात बास्केटबॉल खेळणाऱ्या मुलांसमोर एक उल्का पडली. ती फोडल्यावर आत मिठाचे स्फटिक निघाले, निळसर-जांभळे! तो रंग किरणोत्साराने आलेला, आणि स्फटिकांच्या पोटात पाण्याचे सूक्ष्म थेंब अडकलेले. सुमारे साडेचारशे कोटी वर्षांपूर्वीचं ते मीठ, जवळजवळ सूर्यमालेएवढंच जुनं. त्याच वर्षी मोरोक्कोत पडलेल्या झाग उल्केतही तसंच मीठ मिळालं. हे वाचताना माझ्या अंगावर काटा आला होता. आगरवाड्याचा चौकोनी खडा आणि तो खडा, दोघांची घडण एकच.

भावना त्यांना कळते कशी? कळत नाहीच, असं मी ठरवलंय. मन हललं की तळव्याला घाम सुटतो, त्वचेतून वीज वाहण्याचं प्रमाण बदलतं, श्वासाची लय बदलते. स्फटिकाला एवढंच पोचतं, तो तेवढ्यावर वाढतो. दाबाने काही स्फटिकांत वीज निर्माण होते हे क्युरी बंधूंनी 1880 मध्येच दाखवलं होतं, तेव्हा घट्ट मिटलेल्या मुठीचाही त्याच्यावर परिणाम होऊ दे. दुःख आणि आनंद यांतला फरक त्याला करता येणार नाही. तो माणसांनाच करावा लागेल.

एक अडचण उरते आणि ती आपल्या गोव्याचीच आहे. जुलैत इथे जाड्या मिठालाही पाणी सुटतं. मग कथेतले स्फटिकही विरघळणार. बाईचा भाऊ म्हणतो, हवाबंद बरणीत ठेवूया. मी त्या बाईला बरणी घेऊ देणार नाही. ती परात घेईल, पाणी सुटलं की ते परातीत धरेल, आणि पाऊस सरल्यावर ती परात उन्हात ठेवायची की नाही यावर त्या दोघांचं भांडण होईल. भाऊ नको म्हणेल. त्याची बाजूही मला पटते, म्हणून उद्या आधी त्याचंच बोलणं लिहून काढते.