समुद्राच्या गणितात चिलटं कुठून आली?

"समुद्राचं गणित करता म्हणता, मग संगणकावर चिलटं काय बघत बसता?" लग्नाच्या पंगतीतही हे विचारलं गेलंय. आता तुम्हीही विचारलंत, म्हणून सांगतो.

सुरुवात भाजीपासून. १९४८ साली हवामानाचं गणित करणारे रिचर्डसन आणि समुद्रशास्त्रज्ञ स्टोमेल यांनी एक छोटासा लेख छापला. स्कॉटलंडमधल्या लॉक लाँग या खाडीत त्यांनी पार्सनिपचे तुकडे टाकले होते. पार्सनिप म्हणजे गाजराचा पांढरा भाऊबंद. तो जेमतेम तरंगतो, त्यामुळे वारा त्याला ढकलत नाही, आणि पांढरा असल्याने दिसतोही. दोन तुकड्यांमधलं अंतर मोजत राहायचं, एवढाच प्रयोग. (अनुदानाच्या अर्जात हे लिहून बघा!) तुकडे जवळ असले की मोठा भोवरा दोघांनाही सोबतच नेतो, त्यांना वेगळं करतात ते फक्त बारीक भोवरे. अंतर वाढलं की मोठे भोवरेही त्यांना दूर करू लागतात. म्हणून अंतर दुप्पट झालं की पसरण्याचा गुणांक, म्हणजे तुकडे किती झपाट्याने पांगतात त्याचं माप, साधारण अडीचपट होतो.

पुढे समुद्रशास्त्रज्ञ अकिरा ओकुबो यांनी समुद्रात रंग सोडून केलेल्या अनेक प्रयोगांचे आकडे १९७१ मध्ये एकत्र मांडले. आणि हाच माणूस चिलटांकडे वळला.

प्राण्यांना पसरण्याचं गणित लावणं तेव्हा नवं नव्हतं. संख्याशास्त्रज्ञ कार्ल पिअर्सनने १९०६ मध्येच डासांच्या फैलावासाठी ते मांडलं होतं. त्याचं सार असं: कुठेही वळत शंभर पावलं टाकली, तर माणूस मूळ जागेपासून सरासरी दहा पावलांच्या आसपासच पोचतो. पाण्यातली शाईही अशीच पसरते.

पण संध्याकाळी डोक्यावर घोंगावणारा चिलटांचा ढग आठवा. प्रत्येक चिलट वेड्यासारखं भिरभिरतं, तरी ढग विरत नाही. शाई असती तर केव्हाच विरली असती. ओकुबोंना आकड्यांत दिसलं ते असं, की प्रत्येक चिलटाला सरासरीने मध्याकडे ओढ असते, जणू स्प्रिंगला बांधलंय. मग समीकरणात पसरण्यासोबत ही ओढही घालावी लागते.

माझं कामही याच जातीचं. वेळासच्या किनाऱ्यावर जानेवारी २०२२ मध्ये एका कासविणीच्या पाठीवर उपग्रहाला खबर देणारं यंत्र बसवलं, तिचं नाव प्रथमा. अशा कासविणीची नकाशावरची वाट निम्मी पाण्याच्या प्रवाहाचीही असू शकते. आधी प्रवाह वजा करायचा, मग कळतं ती स्वतः किती पोहली.