माणगावचे घाडगे, मोन्तोनेचा ब्राच्चो आणि आमचं भांडण

रोमबद्दल मी काही लिहीत नाही. ऊन, रांगा आणि पाण्याच्या बाटलीचे अवाच्या सवा पैसे, एवढंच डोक्यात राहिलंय. लिहायला बसले ती मोन्तोनेमुळे. खरं सांगायचं तर तिथे माझ्या मावसभावाशी झालेल्या भांडणामुळे.

मोन्तोने म्हणजे उंब्रियातलं, पेरुजाच्या उत्तरेला टेकडीवर वसलेलं तटबंदीचं गाव. खाली टायबर नदीचं खोरं. माझं माहेर माणगाव तालुक्यातलं. नाईक यशवंत घाडगे यांचा पुतळा माणगावला आहे, तो लहानपणापासून पाहिलेला. व्हिक्टोरिया क्रॉस, म्हणजे ब्रिटिशांचं शौर्याचं सर्वोच्च पदक, मिळालेला आमच्या तालुक्यातला माणूस, इटलीत पडला, इतकं शाळेतल्या पोरालाही माहीत असतं. इटलीत नेमकं कुठे, हे मात्र कुणी सांगत नाही. तर ते हे खोरं. 10 जुलै 1944.

त्याआधी रोमच्या दक्षिणेकडच्या कासिनो गावाला जाऊन आलो होतो. घाडग्यांचा मृतदेह सापडला नाही, त्यामुळे त्यांची कबर नाही की समाधी नाही. कासिनोच्या युद्ध दफनभूमीत हिरव्या संगमरवराच्या उंच खांबांवर बेपत्ता सैनिकांची 4,000 च्या वर नावं कोरली आहेत, त्यांत त्यांचं एक. नावं पलटणीप्रमाणे लावलेली. मराठा लाइट इन्फंट्री शोधायला मान मोडेपर्यंत वर बघावं लागलं. पण एकदा सापडल्यावर जाधव, शिंदे, मोरे, पवार अशी हजेरीच सुरू झाली. नवरा म्हणाला, "आपल्या वर्गाचा पट वाटतोय." पर्यटकांच्या बसगाड्या मात्र सरळ वरच्या मठाकडे जात होत्या.

मोन्तोनेला भावाची गाडी होती म्हणून पोचलो. तो बोलोन्यात नोकरीला आहे. गाडी कोटाबाहेर ठेवायची आणि उभ्या चढाच्या फरसबंदी गल्ल्या तुडवायच्या. भर जुलै, दुपारचे अडीच, आणि खानावळीचं स्वयंपाकघर नुकतंच बंद झालेलं. इटलीत दुपारी भूक लागणं हा गुन्हा आहे. सुकं सॅंडविच आणि कॉफीवर भागवलं आणि घाडग्यांच्या स्मारकाकडे निघालो. स्मारक म्हणजे एक सूर्यघड्याळ. जुलै 2023 मध्ये भारताच्या राजदूतांच्या उपस्थितीत त्याचं उद्घाटन झालं. त्यावरच्या लॅटिन ओळीचा आशय असा, की आपण सगळे एकाच सूर्याखाली राहतो.

मी तिथे पदकाच्या मानपत्रात नोंदलेली हकिकत वाचून दाखवली. घाडग्यांच्या तुकडीवर अगदी जवळून मशीनगनचा मारा झाला. तुकडीतले बाकी सगळे मेले किंवा जखमी झाले. हा एकटा उरला, तो थेट मशीनगनवर धावून गेला. आधी हातबॉम्ब टाकून गन आणि ती चालवणारा संपवला, मग एकाला गोळी घातली. टॉमीगनचं मॅगझिन बदलायला वेळ नव्हता, म्हणून ती नळीकडून धरली आणि दस्त्याने उरलेल्या दोघांना हाणलं. त्यानंतर शत्रूच्या नेमबाजांनी त्यांना टिपलं. वय 22.

भाऊ थोडा वेळ गप्प होता. मग म्हणाला, "ताई, मानलं पाहिजे. पण शेवटी भाडोत्रीच ना? जर्मनांशी यांचं काय भांडण होतं? इंग्रजांनी पैसे टाकले, हे आले."

माझं डोकंच सणकलं.

खरं तर हा प्रश्न मूर्खपणाचा नाही, आणि म्हणूनच जास्त राग आला. दुसऱ्या महायुद्धात हिंदुस्थानात सक्तीची भरती नव्हती. पंचवीस लाखांच्या आसपास माणसं आपणहून फौजेत गेली. आपणहून म्हणजे कशी? आमच्याकडे भातशेती चार महिन्यांची. पुढचे आठ महिने एक तर मुंबईची गिरणी, नाहीतर बेळगावला जाऊन पलटण. शिपायाला युद्धाच्या सुरुवातीला महिना 18 रुपयांच्या आसपास मिळायचे. बरोबरच्या गोऱ्या सोल्जरला त्याच्या कितीतरी पट. सूर्य एकच होता, ते खरं. पगाराचं तसं नव्हतं.

आणि नुसती मर्जी असूनही भागत नव्हतं. महार सैनिक कंपनी सरकारच्या काळापासून मुंबईच्या फौजेत होते. पण ठरावीक जातीच लढू शकतात, हे 'लढाऊ जाती'चं खूळ आलं आणि 1890 च्या दशकात त्यांना दार बंद झालं. पहिल्या महायुद्धात माणसं कमी पडली तेव्हा 1917 मध्ये 111 वी महार पलटण उभी केली, गरज सरल्यावर मोडली. पुन्हा महार रेजिमेंट निघाली ती 1941 मध्ये, बेळगावला. ज्याला नोकरी मागायलाही जात आडवी येते त्याला भाडोत्री म्हणायचं, हे मला तरी जमत नाही. दुसऱ्या टोकाला पूना व्हॉलंटियर रायफल्ससारख्या पलटणी, साहेब लोकांच्या. हौसेने कवायत करायची आणि आपलं राज्य राखायचं. हिंदी माणसाला अशा ठिकाणी घ्या, ही मागणी काँग्रेसने अगदी सुरुवातीच्या अधिवेशनांतच केली होती. सरकारने दाद दिली नाही.

हे सगळं मी भर उन्हात, हातवारे करत भावाला ऐकवलं. बाकावर बसलेल्या दोन आजोबांची मस्त करमणूक झाली असावी.

गंमत पुढेच आहे. मोन्तोनेचा खरा लाडका वीर म्हणजे ब्राच्चो फोर्तेब्राच्चो. हा पंधराव्या शतकातला धंदेवाईक सेनापती, म्हणजे जो पैसे देईल त्याच्यासाठी लढणारा. लढता लढता पेरुजाचा धनी झाला आणि 1424 मध्ये लाक्विलाला मेला. त्याचा मुलगा कार्लो व्हेनिसच्या बाजूने लढला, त्याबद्दल व्हेनिसने त्याला येशूच्या काटेरी मुकुटातला एक काटा दिला. गाव अजून त्या काट्याचा उत्सव करतं. भाडोत्री म्हणावं तर हे बापलेक, आणि त्यांची कुणाला लाज नाही. असायचं कारणही नाही म्हणा. आपण मात्र कोकणातल्या बावीस वर्षांच्या पोराचा हिशेब ऐंशी वर्षांनी मांडत बसतो.

भाऊ म्हणाला, "तू भावनिक होतेस." हे वाक्य पुरुषांना कुठल्या शाळेत शिकवतात कोण जाणे.

परतीच्या वाटेवर हट्टाने सेनिओ नदी बघितली. बघण्यासारखं काही नाही. अरुंद पात्र, दोन्ही बाजूंना उंच मातीचे बांध आणि डासांचे थवे. 9 एप्रिल 1945 ला इथे मराठा पलटणीचे नामदेव जाधव आपल्या दोन जखमी माणसांना पाठीवर घेऊन खोल पाण्यातून, चढ्या काठावरून, सुरुंगांच्या पट्ट्यातून एकेक करून सुखरूप ठेवून आले. मग पुन्हा येऊन एकट्याने मशीनगनच्या जागा उडवल्या. हाताला जखम झाल्यावर टॉमीगन फेकली आणि हातबॉम्ब घेतले. शेवटी बांधावर उघड्यावर उभे राहून, तोफगोळे पडत असताना, मराठ्यांची युद्धगर्जना करत बाकीच्यांना नदीपार बोलावलं. तो बांध चढताना मला दम लागला, तेही रिकाम्या हाताने.

"हे वाचले का?" भावाने विचारलं.

"वाचले. व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. 1984 पर्यंत होते."

"मग पेन्शन मिळाली असेल."

"मिळालीच असणार. बहुतेकांचं तेवढ्याचसाठी तर सगळं चाललं होतं."

"बघ!" तो म्हणाला. "मी काय वेगळं सांगत होतो?"

बोलोन्या येईपर्यंत मी त्याच्याशी एक अक्षर बोलले नाही.