पीठ चिकटतंय? आधी मैद्याचा डबा बंद करा

शुगर कुकीच्या बहुतेक पाककृतींत शेवटी शेवटी एक वाक्य टाकलेलं असतं: ‘पीठ चिकट वाटलं तर थोडा मैदा घाला.’ थोडा म्हणजे किती, ते नाही. मुळात पीठ चिकट का झालं, ते तर नाहीच. माझी सगळी चिडचिड या एका वाक्यावर आहे. ते पाळून केलेलं पीठ लाटायला छान येतं, आकारही सुबक निघतात, आणि भाजून झाल्यावर कुकी दाताखाली कोरडी ठक्क लागते. वरून आयसिंग फासलं की दिसायला बरी, एवढंच.

बटर-साखर फेटणं, अंडं आणि व्हॅनिला घालणं, मैदा मिसळणं यावर मला काही सांगायचं नाही, ते जमतंच. माझं प्रमाण 225 ग्रॅम बटर, 200 ग्रॅम साखर, एक अंडं, 375 ग्रॅम मैदा, अर्धा चमचा बेकिंग पावडर आणि चिमूटभर मीठ. या प्रमाणाचा मी एकदा शांतपणे हिशोब मांडला. बटरमध्ये साधारण 16 टक्के पाणी असतं, म्हणजे इथे 36 ग्रॅम. कवचाशिवाय अंडं 50 ग्रॅम धरलं तर त्यातलं पाऊण पाणीच, म्हणजे आणखी 37-38. सगळं मिळून पाऊणशे ग्रॅम पाणी आणि समोर 375 ग्रॅम मैदा. एवढ्याच मैद्याचा ब्रेड करायचा तर सव्वादोनशे ग्रॅम पाणी सहज लागतं, आणि तो गोळा नीट मळला की हाताला सोडतो. मग तिपटीने कमी पाणी असलेलं हे पीठ लाटण्याला का चिकटून बसतं?

कारण त्याला पाणी जास्त झालेलं नसतं, बटर गरम झालेलं असतं. फ्रिजमधून काढलेलं बटर कडक असतं, 18 ते 20 अंशांना ते बोटाने दबतं पण आकार सोडत नाही, आणि 32 ते 35 अंशांच्या दरम्यान वितळून जातं. आपला तळहात जवळपास तेवढाच गरम असतो. मिक्सर जास्त वेळ फिरवला की त्याच्या घर्षणाची ऊब वेगळी. त्यात साखर पिठातल्या थोड्याशा पाण्यात विरघळून पाक होतो आणि मैद्याला ते पाणी प्यायला वेळच मिळालेला नसतो. म्हणजे नुकतं केलेलं पीठ चिकट असणारच. त्याला थंडावा आणि थोडा वेळ हवा, आणि आपण वर मैदा ओतत बसतो.

आता माझं घोडं जिथे अडलं ते फ्रिज प्रकरण. ‘पिठाचा गोळा करा, गुंडाळून तासभर फ्रिजमध्ये ठेवा, मग लाटा.’ वाचायला किती सोपं! तासाभराने गोळा बाहेर काढला की वरून कडक आणि पोटात अजून मऊ. जाड गोळ्याच्या मध्यापर्यंत थंडी तासाभरात पोचतच नाही. आणखी ठेवला तर पूर्ण कडक होतो. मग लाटणं घेऊन त्याच्यावर ओणवं व्हायचं, तर तो लाटला जात नाही, कडेने तडकतो. म्हणून ओट्यावर ठेवून वाट बघायची. दहा मिनिटांनी वरचा भाग मऊ होतो, आतला नाही. कंटाळून हाताने मळायला घेतला की हाताची ऊब लागते आणि आपण पुन्हा जिथे होतो तिथे: लाटण्याला थर, ओट्याला थर, कटरमध्ये अडकलेला चांदणीचा एक पाय. पुन्हा फ्रिज. पुन्हा वाट. ओव्हन आपला तापून बसलेला. या फेऱ्यांत माणसाचा हात मैद्याच्या डब्याकडे जातो, आणि मला विचाराल तर कुकी तिथेच बिघडते. कारण लाटताना पडलेला मैदा पिठात नीट मिसळत नाही, आणि उरलेले तुकडे प्रत्येक वेळी पुन्हा मळताना तो आणखी आणखी आत जातो. शेवटच्या ट्रेमधल्या कुकी पहिल्यापेक्षा कडक होतात त्या यामुळेच. मळून मळून मैद्यातलं ग्लूटेन, म्हणजे पिठाला चिवटपणा देणारं प्रथिन, ताणलं जातं ते वेगळंच.

सुटका झाली ती क्रम उलटा केल्यावर. पीठ मऊ असतानाच लाटायचं आणि लाटून झाल्यावर थंड करायचं. बस्स. इतकी साधी गोष्ट पाककृतीत पहिल्या ओळीत का लिहीत नाहीत, याचा राग अजून गेलेला नाही.

करायचं असं. पिठाचे दोन भाग करा. एक भाग बटर पेपरच्या दोन कागदांमध्ये ठेवून हाताने चपटा करा आणि कागदावरूनच लाटा. लाटण्याचा पिठाशी संबंधच येत नाही, त्यामुळे मैदा भुरभुरण्याचा प्रश्न नाही. मऊ पीठ लाटायला जोरही लागत नाही. जाडी 6 मिलिमीटर ठेवा. दोन्ही बाजूंना तेवढ्याच जाडीच्या पट्ट्या ठेवून त्यांवरून लाटणं फिरवलं तर सगळीकडे सारखी जाडी येते. मध्ये मध्ये वरचा कागद उचलून पुन्हा पसरा, नाहीतर त्याच्या सुरकुत्या पिठावर उमटतात. मग कागदासकट एका सपाट ट्रेवर सरकवून फ्रिजमध्ये. पातळ थर असल्यामुळे अर्ध्या-पाऊण तासात आरपार थंड होतो. तेवढ्यात दुसरा भाग लाटून पहिल्याच्या वर रचून ठेवा.

बाहेर काढल्यावर वरचा कागद सोडवा, पुन्हा अलगद ठेवा, सगळा थर उलटा करा आणि आता वर आलेला कागद काढून टाका. खालचा आधीच सुटलेला असल्यामुळे कापलेले आकार त्याला चिकटून बसत नाहीत. थर फार कडक असेल आणि कटरखाली तडकत असेल तर पाच मिनिटं थांबा. उलट, कापता कापता मऊ पडायला लागला तर हुज्जत घालू नका, ट्रे परत आत सरकवा आणि दुसरा काढा. दोन भाग करायला सांगितले ते याचसाठी. आकार उचलण्यापेक्षा आजूबाजूचं पीठ काढून घेतलं तर चांदण्यांचे पाय वाकडे होत नाहीत. निघालेले तुकडे मळायचे नाहीत. एकमेकांवर रचून दाबायचे, पुन्हा कागदांमध्ये लाटायचे, पुन्हा थंड करायचे.

पीठ खरंच ओलं झालंय असंही कधी असू शकतं, हे मान्य. विशेषतः पाककृती कपात असेल तर. चमच्याने हलकेच भरलेला कपभर मैदा 120 ग्रॅमच्या आसपास भरतो, तोच कप डब्यात खुपसून भरला तर 150 पर्यंत जातो. तीन कपांत 90 ग्रॅमचा फरक! म्हणून वजनकाटा. पण ते ठरवायचं पीठ थंड असताना. पूर्ण गार झालेल्या पिठावर बोट दाबा. स्वच्छ खळगा पडला आणि बोट कोरडं निघालं तर त्याला काहीही नकोय. गार असूनही बोटाला लागलं तरच एक मोठा चमचा मैदा, त्याहून जास्त एका वेळी नाही.

बटर-साखरेबद्दल काही सांगायचं नाही म्हटलं खरं, पण एक राहिलं: ती दोन्ही एकजीव झाली की फेटणं थांबवा. केकसारखी हलकी-फुलकी होईपर्यंत फेटत बसलं तर बटरही तापतं आणि आत कोंडलेल्या हवेमुळे कुकी ओव्हनमध्ये फुगून पसरते. आणि पीठ चाटायचा मोह मलाही होतो, पण त्यात कच्चं अंडं असतं, शिवाय कच्चा मैदाही तितकाच जोखमीचा. मुलं मदतीला असली तर हे आधीच सांगून ठेवावं.

भाजायच्या आधी कापलेले आकार दहा-पंधरा मिनिटं फ्रीझरमध्ये ठेवले की कडा धारदार राहतात. 175 ते 180 अंशांना नऊ ते अकरा मिनिटं. कडांना किंचित रंग आला की काढा, मधला भाग कच्चा वाटला तरी ट्रेवरच पाच मिनिटांत बसतो. दुसरा घाणा गरम ट्रेवर लावू नका. ओव्हनची धग लागायच्या आधीच खालून बटर सुटतं आणि इतका वेळ जपलेला आकार तिथे पसरतो. जास्तीचे कापलेले आकार कागदाच्या थरांमध्ये रचून फ्रीझरमध्ये ठेवता येतात. ते वितळू न देता तसेच ओव्हनमध्ये जातात, फक्त एक-दोन मिनिटं जास्त द्यायची.